कशापेक्षा बेटर?

माणसानं दवाखान्यातून घरी येताना काय आणावं? गोळ्यांची पिशवी आणावी, एक्स-रेचं ते भलंमोठं पाकीट आणावं, फार तर तिथला प्लास्टिकचा मग चुकून उचलून आणावा. तराजूसाहेबांनी हे सगळं आणलंच, आणि वर एक इंग्रजी शब्द आणला. घरी येऊन पंधरा दिवस झाले, पण काहीही विचारा, उत्तर एकच. झोप लागली का? बेटर. मीठ बरोबर पडलंय का? बेटर. पंखा कमी करू? बेटर.

"लग्नाला सत्तेचाळीस वर्षं झाली," आक्का सुनेला सांगत होत्या. सून एका हातानं डबा भरत होती आणि दुसऱ्या हातानं केस विंचरत होती, त्यामुळे तिला ऐकण्यावाचून इलाज नव्हता. "एवढ्या वर्षांत माझ्या स्वयंपाकाला या माणसानं दोनदा चांगलं म्हटलंय. एकदा सासूबाई समोर बसल्या होत्या म्हणून, आणि एकदा ती वाटी शेजारणीकडून आली होती म्हणून. आणि आता हे मेलं बेटर! कशापेक्षा बेटर? दवाखान्यातल्या त्या पाणचट सुपापेक्षा? माझी बरोबरी सुपाशी?"

"आई, बेटर म्हणजे बरं. बरं म्हणतायत ना बाबा? मग झालं."

"झालं कसं? तुला झालं. तू निघालीस ऑफिसला."

सून खरंच निघाली. आक्कांनी एक उसासा टाकला आणि ओटा पुसायला घेतला. ओटा आधीच पुसलेला होता, पण अलीकडे त्यांना ते दिसत नसे.

तराजूसाहेबांचं खरं नाव इमारतीत कुणालाच ठाऊक नव्हतं. चाळीस वर्षं ते वजनमापांच्या खात्यात होते. दुकानादुकानांतून हिंडायचं, काटे तपासायचे, खोटा निघाला की जप्त करायचा आणि दुकानदाराच्या शिव्या खात घरी यायचं. ते निवृत्त झाले, पण खातं काही त्यांच्या अंगातून गेलं नाही. बस थांबा किती लांब आहे असं कुणी विचारलं तर ते "कुठल्या फाटकापासून?" असं विचारत. मुलगा झाला तेव्हा सुईण म्हणाली, "वजन छान आहे हो," तर हा गृहस्थ ऑफिसातून प्रमाणित वजनांची पेटी घेऊन आला होता. असा माणूस एक सैल शब्द धरून बसतो आणि दिवसातून चाळीस वेळा तोच वापरतो, ही साधी गोष्ट नव्हती. निदान आक्कांना तरी ती साधी वाटत नव्हती.

आणि आक्कांना ते नेमकं कळायलाच हवं होतं, कारण पुढच्या सोमवारी त्यांच्या डोळ्याची तारीख होती.

उजवा मोतीबिंदू पार पिकला होता. पहिली तारीख मिळाली तेव्हा तराजूसाहेबांना ताप भरला. दुसरी मिळाली तेव्हा त्यांच्या फुप्फुसात पाणी झालं. आता तिसरी. डोळ्यांचे डॉक्टर स्पष्ट म्हणाले होते, "ही मोडलीत, तर पुढची तारीख देण्यात अर्थ राहणार नाही." बरं, डोळा झाल्यावर आठ दिवस वाकायचं नाही, उचलायचं नाही, शेगडीपुढे उभं राहायचं नाही, आणि दिवसातून चार वेळा कुणीतरी डोळ्यात थेंब घालायचे. मुलगा परगावी, सून दिवसभर कामाला. राहिले कोण? तराजूसाहेब. ज्यांची छाती अजून रात्रंदिवस कुरकुरते असा आक्कांना संशय होता.

म्हणून आक्कांनी जाहीर केलं होतं, "हे खरोखर बरे असतील तरच सोमवारी मी डोळा करून घेईन. नाहीतर एका डोळ्यानं सत्तरी काढली, पुढचंही निघेल."

"बेटर," तराजूसाहेब खिडकीतून बाहेर बघत म्हणाले होते.

पहिला सल्ला वरच्या मजल्यावरच्या बाईंनी दिला. या बाईंना इमारतीत 'वरची' म्हणत, आणि त्या सल्लेही वरूनच, गॅलरीतून वाकून देत. "आक्का, सोपं आहे. भांडण काढा. पुरुष भांडला की समजायचं, बरा झाला."

आक्कांनी मनावर दगड ठेवून त्याच दुपारी भांडण काढलं. म्हणाल्या, "तुमच्या खात्याचे काटे सगळे खोटे होते असं बाजारात म्हणतात." पूर्वी असं म्हटलं असतं तर जेवणाचं ताट दोन तास तसंच राहिलं असतं. तराजूसाहेबांनी घास गिळला, थोडं थांबले आणि म्हणाले, "म्हणत असतील." मग आठवण झाल्यासारखं म्हणाले, "बेटर आहे मी."

आक्का हबकल्या. माणूस वाटला त्याहून जास्त आजारी होता.

दुसरा सल्ला मागायला त्या स्वतः तळमजल्यावर उतरल्या, आणि ही त्यांची चूक झाली. तिथे मास्तर राहत. मास्तरांनी तीस वर्षं शाळेत इंग्रजी शिकवलं होतं आणि निवृत्तीनंतर ऐकून घ्यायला कुणी उरलं नव्हतं. आक्कांनी "बेटर म्हणजे काय हो?" एवढं विचारलं मात्र, मास्तर तासाभरात अंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून, खडू घेऊन त्यांच्या घरी हजर झाले आणि कपाटाच्या दारावर लिहू लागले.

"लिहू नका. मला दिसत नाही. तोंडानं सांगा."

"गुड, बेटर, बेस्ट," मास्तर म्हणाले. "चांगलं, अधिक चांगलं, सगळ्यांत चांगलं. बेटर हे मधलं."

"मधलं म्हणजे बरं की वाईट?"

"तुलना कशाशी त्यावर अवलंबून. बेटरच्या पुढे दॅन येतं, आणि दॅनच्या पुढे ती गोष्ट."

"आपल्यात ती आधी येते. थोरल्यापेक्षा धाकटा बरा. थोरल्याचं नाव आधी घ्यावं लागतं, मगच धाकट्याला बरं म्हणायची सोय."

"अगदी बरोबर! इंग्रजीत ते शेवटी असतं. त्यामुळे सांगायचं नसलं तर गाळताही येतं."

आक्कांनी खुर्ची पुढे ओढली. "गाळता येतं?"

"सर्रास."

"म्हणजे एका पारड्यात माणूस ठेवायचा, दुसरं पारडं रिकामं, आणि काटा झुकला म्हणून ओरडायचं? हे दुकान यांनी बंद करवलं असतं, मास्तर."

मास्तरांना इतका चांगला विद्यार्थी तीस वर्षांत मिळाला नव्हता. ते खुर्चीच्या कडेवर आले. आजाऱ्याबद्दल बेटर म्हटलं तर थोडा बरा असाही अर्थ होतो आणि पूर्ण बरा असाही होतो, असं त्यांनी सांगितलं. यातला कुठला कधी, हे कसं ओळखायचं असं आक्कांनी विचारलं, तर म्हणाले, संदर्भावरून. संदर्भ खिडकीत पाठमोरा उभा होता. मग मास्तर 'हॅड बेटर'वर घसरले. "यात हॅड आहे, पण भूतकाळ नाही, बरं का. 'यू हॅड बेटर गो' म्हणजे तू गेलेलं बरं. नाही गेलास तर परिणाम तुझ्यावर. जरा दमच असतो त्यात."

"मग मास्तर, तुम्ही हॅड बेटर चहा घ्या आणि निघा. मला भांडी आहेत."

"वा!" मास्तरांचे डोळे भरून आले. "काय जागा साधलीत हो!"

त्यानंतर दोन दिवस मास्तर रोज एक नवा वापर घेऊन जिना चढत. मंगळवारी आणला तो नामाचा. बेटर्स म्हणजे आपल्याहून थोर मंडळी. "या इमारतीत तशी कुणी नाहीत," आक्का म्हणाल्या आणि दार लावून घेतलं. बुधवारी सकाळी आला बेटर हाफ. नवरा बायकोला म्हणतो तो. "मला अर्धं नको, मास्तर. एक अख्खी तारीख पाळायचीय, तेवढं जमेल का ते विचारा तुमच्या इंग्रजीला." आक्का थकल्या होत्या. शब्दाला इतके पाय फुटले होते की तो धरायचा कुठे तेच कळेना. त्यांनी ठरवलं, शब्दाच्या मागे लागण्यात अर्थ नाही. तो जिथून घरात आला तिथेच जायचं. यांचा दवाखान्यातला कागद बघायचा. डॉक्टरांनी कशापेक्षा बेटर लिहिलंय ते तिथे असणारच.

बुधवारी दुपारी त्या मास्तरांना घेऊन दवाखान्याच्या कागदपत्रांच्या खिडकीपुढे उभ्या राहिल्या. मास्तरांना घेऊन जायचं त्यांच्या मनात नव्हतं, पण वाचायला कुणीतरी हवं होतं.

"पेशंट जिवंत आहे का?" खिडकीतल्या कारकुनानं मान वर न करता विचारलं.

"तेच बघायला आलेय."

कारकुनानं मान वर केली. "मयत असेल तर वारसाचा अर्ज चालतो. जिवंत असेल तर त्याची स्वतःची सही लागते. छापील अर्जावर."

"म्हणजे माणूस जिवंत असणं इथे अडचणीचंच आहे."

"हो," कारकून म्हणाला. दिवसातलं पहिलं समजूतदार वाक्य ऐकल्यासारखा त्याचा चेहरा झाला. "आणि इथे कारण लिहा."

"लिहा, बेटर कशापेक्षा ते बघायचं आहे म्हणून."

कारकुनानं थोडा विचार केला आणि 'इतर' असं लिहिलं.

अर्ज घेऊन आक्का घरी आल्या. आता तराजूसाहेब न वाचता सही करतील ही आशा करण्यात अर्थ नव्हता. त्यांनी अर्ज पुढून वाचला, मागून वाचला, खाली छापखान्याचं नाव होतं तेही वाचलं. मग लाल पेन काढून अर्जातल्या छपाईच्या दोन चुका दुरुस्त केल्या आणि सही केली. दुसऱ्या दिवशी कारकुनानं तो अर्ज खिडकीतून परत सरकवला. "खाडाखोड चालत नाही."

"चुका तुमच्याच होत्या!"

"असतील. पण त्या छापील आहेत. ही खाडाखोड आहे."

आक्का बाकावर बसल्या. पाय भरून आले होते, डोळ्यापुढे सगळं दुधात भिजवल्यासारखं दिसत होतं, आणि शेजारी बसलेले मास्तर 'करेक्ट' आणि 'करेक्टर' असा काही फरक सांगत होते. त्यांना वाटलं, उठावं, घरी जावं, दोन्ही डोळे मिटावे आणि जगाला म्हणावं, चालू दे तुमचं. पण तीनदा मोडलेली तारीख आणि तीनदा हरलेली आक्का, ही दोन चित्रं त्यांना एकदम दिसली, आणि ती मात्र दोन्ही डोळ्यांनी स्वच्छ दिसली. त्या नवा अर्ज घेऊन घरी आल्या.

यावेळी तराजूसाहेबांनी पेन काढलं नाही. फक्त कारणाच्या रकान्यावर बोट ठेवलं. "इतर हे काही कारण होत नाही."

"इतर म्हणजे तुमचा संबंध नाही."

त्यांनी आक्कांकडे नीट पाहिलं, सही केली, आणि परत खिडकीशी जाऊन उभे राहिले. खिडकीतून समोरच्या इमारतीच्या पाण्याच्या टाकीखेरीज काही दिसत नव्हतं. ती इतका वेळ बघण्यासारखी वस्तू नव्हती.

शुक्रवारी दुपारी कागद मिळाला. आधी कारकुनाचं जेवण झालं, मग झेरॉक्सचं मशिन गरम झालं, मग ते थंड झालं, आणि मग अकरा पानं आक्कांच्या हातात पडली. मास्तरांनी पहिलं पान डोळ्यांजवळ नेलं.

"शिक्का आहे. जांभळा. बेटर."

"पुढे? दॅन?"

"दॅन नाही. दुसऱ्या पानावरही बेटर. तिसऱ्यावरही. आक्का, हे पहिलं पान तर दाखल केलं त्या दिवसाचं आहे."

दाखल केलं त्या दिवशी तराजूसाहेबांचे ओठ निळे पडले होते आणि दोन माणसांनी त्यांना खुर्चीसकट जिन्यावरून खाली आणलं होतं. त्या दिवशी बेटर? आक्का तडक वॉर्डात गेल्या. वॉर्डाच्या मोठ्या सिस्टर टेबलाशी बसून पायातले मोजे सारखे करत होत्या. त्यांचेही पाय सुजले होते, हे आक्कांच्या लक्षात आलं, म्हणून त्यांनी ठरवलं होतं त्यापेक्षा आवाज जरा खाली ठेवला.

"सिस्टर, निळा पडलेला माणूस बेटर कसा?"

सिस्टरनं कागद बघितला आणि हसली. दमलेली माणसं हसतात तसं, एकाच गालानं. "बसा आजी. पूर्वी आमच्याकडे तीन शिक्के होते. सेम, बेटर आणि वर्स. सेमचा रबर निघाला, तो मागच्या वर्षी दुरुस्तीला गेलाय. वर्सचा मोठ्या डॉक्टरांच्या कपाटात कुलपात असतो, कारण तो मारला की तीन प्रतींत अहवाल लागतो. उरला बेटर. रोज प्रत्येक पानावर काहीतरी शिक्का असावाच लागतो, नाहीतर पान वैध होत नाही."

"म्हणजे मेलेल्यालाही बेटर?"

"त्याचं पान वेगळं असतं," सिस्टर म्हणाली.

आक्कांनी कपाळाला हात लावला. पाच दिवस! पाच दिवस त्यांनी एका रबराच्या तुकड्याचा अर्थ शोधला होता. एका इंग्रजीच्या मास्तराला चार पावशेर दूध चहातून पाजलं होतं. आणि सोमवार तीन दिवसांवर आला होता.

"डॉक्टर काय ते बघून तपासतात, त्यांची टिपणं वेगळी," सिस्टर समजावत होती. "आणि शिक्क्याखाली पेशंटचं म्हणणं म्हणून एक रकाना असतो. पण तिथे सगळे ठीक लिहितात. ते कुणी वाचत नाही."

"यात लिहिलंय," मास्तर म्हणाले. "आपल्या भाषेत. बारीक अक्षर आहे. तराजूसाहेबांचं."

"वाचा."

मास्तरांनी चष्मा पुसला. "तिसरा दिवस. 'वरील शिक्का कशाच्या तुलनेत मारला आहे याचा उल्लेख नाही. सबब माझे मोजमाप देत आहे. खाट ते खिडकी सात पावले. तीन वेळा थांबलो.'"

आक्का ताठ बसल्या. हा बोलत होता तो त्यांचा माणूस होता.

"पाचवा दिवस. 'खाट ते खिडकी. एकदा थांबलो. टीप: खाट दीड पाऊल सरकवलेली आढळली, ते वजा केले आहे.' आठवा दिवस. 'जिन्याच्या पायऱ्या, एका दमात सहा.'" मास्तर पान उलटायचे थांबले. तीस वर्षांत प्रथमच त्यांना पुढचं वाक्य म्हणायची घाई नव्हती.

"शेवटचं वाचा की."

"'अकरावा दिवस. एका दमात अकरा पायऱ्या. घरी चौतीस आहेत. घरी विचारल्यास बेटर असे सांगणार आहे. माझ्यामुळे पत्नीच्या डोळ्याची तारीख दोनदा मोडली. खरा आकडा कळल्यास ती तिसऱ्यांदा मोडेल. शब्द दवाखान्याच्या शिक्क्यातला असल्याने तो खोटा धरता येणार नाही.' खाली सही आणि तारीख."

 शेजारच्या खाटेवरचा माणूस खोकला.

"अकरा वाईट नाही हो आजी," सिस्टर हळूच म्हणाली. "त्या आजारानंतर चांगलंच म्हणायचं. रोज थोडं थोडं चढू द्या, थांबत थांबत. महिन्याभरात होतील चौतीस. थेंब घालायला आणि चहा करायला काही चढावं लागत नाही."

आक्कांनी पानं घडी करून पिशवीत घातली. परतताना बसमध्ये मास्तरांनी एकदाही इंग्रजी काढलं नाही, आणि आक्कांनी मनातल्या मनात त्यांचे आभार मानले. तोंडानं मानले नाहीत. तशी सवय लावली असती तर ते शनिवारी पुन्हा आले असते.

इमारतीच्या दारात मास्तर आपल्या घरात वळले. संध्याकाळ होत होती. तराजूसाहेबांची खाली अंगणात फेरी मारून परतायची वेळ. आक्का कठड्याला धरून, पायरी पायानं चाचपत चढू लागल्या. पंधरा-सोळा पायऱ्या झाल्या असतील, आणि त्यांना कुणी दिसायच्या आधी ऐकू आलं. एक श्वास, कडेला घासत आत जाणारा, आणि तसाच बाहेर येणारा.

मधल्या सपाट जागेत, जिथे जिना वळतो तिथे, इमारतीचा सूचनाफलक होता. त्याच्यापुढे एक पांढरा शर्ट पाठमोरा उभा होता. एक हात भिंतीवर, दुसरा कमरेवर.

"काय करताय?"

शर्ट दचकला. "पाण्याची नोटीस वाचतोय."

"कुठली?"

"टाकी धुणार आहेत."

"टाकी मागच्या महिन्यात धुतली. रोज संध्याकाळी हीच नोटीस वाचत थांबता, होय?"

तराजूसाहेबांनी नुसती मान हलवली. बोलायला अजून पुरेसा श्वास जमला नव्हता. आक्का त्यांच्याशेजारी फलकापुढे उभ्या राहिल्या. त्यांना फलकावरचं अक्षरही दिसत नव्हतं, त्यामुळे दोघंही सारखंच वाचत होते.

"इथपर्यंत एका दमात किती?"

"बे—"

"आकडा."

आता तराजूसाहेबांनी वळून पाहिलं. आक्कांच्या हातातली पिशवी, तिच्यातून डोकावणारी जांभळ्या शिक्क्याची पानं. चाळीस वर्षं त्यांनी दुकानदारांचे चेहरे असे उतरताना पाहिले होते. आज तो चेहरा त्यांचा स्वतःचा होता.

"सतरा," ते म्हणाले. मग सवयीनं दुरुस्ती केली. "काल सोळा."

"दवाखान्यात अकरा होत्या."

"हो."

"म्हणजे अकरापेक्षा सतरा. हे एवढं सांगायला तुम्हाला इंग्रजी लागलं?"

"तू तारीख मोडली असतीस."

हे खरं होतं, आणि खरं असल्यामुळेच आक्कांना त्याचा राग आला. पाच दिवसांचे बाक, खिडक्या, खडू, अर्ज, सगळं त्यांच्या पायांत एकदम उतरलं. त्या पायरीवर बसल्या. थोड्या वेळानं तराजूसाहेबही बसले. वरच्या मजल्यावरून 'वरची' कठड्यावर वाकली होती. दोघांना भांडताना बघून तिच्या चेहऱ्यावर मोठं समाधान पसरलं. आक्कांनी तिकडे लक्ष दिलं नाही. त्यांनी पिशवी मांडीवर घेतली, पदर सारखा केला, आणि चाळीस वर्षं तराजूसाहेब बाजारात ज्या आवाजात निकाल देत आले, त्याच आवाजात म्हणाल्या:

"एवढा खोटा काटा तुमच्या आख्ख्या नोकरीत तुम्हाला सापडला नसेल. तो मी जप्त केलाय. उद्यापासून रोज पायऱ्या मोजायच्या आणि कालच्यापेक्षा किती ते मला सांगायचं, कमी झाल्या तरी सांगायचं. आणि सोमवारी मी डोळा करून घेणारच आहे. तुम्ही बरे झालात म्हणून नव्हे. तुम्ही माझ्याशी किती खोटं बोलता, ते मला इथून पुढे स्वच्छ दिसायला हवं म्हणून."